दुएल गावचे शेतकरी कुठे गेले?

(जिल्हा मेळाव्याच्या अभ्यास सत्रात झालेल्या भाषणाचा संपादित मजकूर)



पुढारी, प्राध्यापक, बँकवाले सगळे आपल्याला एकच सांगत असतात : शेतीवर माणसे फार झाली, ती कमी झाली पाहिजेत. आपल्यातला कोणी उठून विचारतो, कमी म्हणजे कशी? फवारणीचे औषध पिऊन, की शहरात झोपडपट्टीत जाऊन? यावर उत्तर मिळत नाही. मिळते ते एवढेच की, सगळ्या पुढारलेल्या देशांत असेच झाले.

तर आज आपण पुढारलेल्या देशातले एक गाव घेऊ आणि तिथे नेमके काय झाले ते पाहू. देश फ्रान्स. गावाचे नाव दुएल. गाव लहान, हजार वस्तीच्याही आतले. पण त्याचा हिशेब एका माणसाने फार बारकाईने लिहून ठेवला आहे, म्हणून हे गाव निवडले.

मी शेतकी कॉलेजात शिकलेला माणूस, तेव्हा सुरुवात मातीपासून. पॅरिसपासून दक्षिणेला साडेपाचशे किलोमीटरच्या वर खाली आले की काओर हे जिल्ह्याचे ठिकाण लागते. नदीचे नाव लॉत आणि जिल्ह्याचे नावही लॉत. काओरहून नदीच्या प्रवाहाबरोबर दहाबारा किलोमीटर पश्चिमेला गेले की काठावर दुएल. सगळा मुलूख चुनखडीच्या पठाराचा. नदीने हे पठार खोल कापले आहे, पण सरळ नाही. नागाने चालावे तशी ती वळत वळत जाते. प्रत्येक वळणाला बाहेरच्या बाजूला उभा कडा आणि आतल्या बाजूला गाळाची उतरती जमीन. या उतरणीवर तीन प्रकारच्या जमिनी आहेत. अगदी काठाला पोयट्याची जमीन, तिथे गहू, मका, तंबाखू. त्यावर नदीने जुन्या काळी आणून टाकलेल्या दगडगोट्यांचे टप्पे, तिथे द्राक्षे. आणि सर्वात वर पठार, तिथे वीतभर तांबडी माती, खाली खडक. मेंढ्या, ओकाची खुरटी झाडे, अक्रोड. पठारावर शेत करायचे म्हणजे आधी दगड वेचायचे. पिढ्यान् पिढ्या वेचलेल्या दगडांचे बांध आणि ढीग तिथे आजही उभे आहेत. पाऊस वर्षाला आठशे मिलिमीटरच्या आसपास. आकडा ऐकून आपल्याला फार वेगळे वाटणार नाही. फरक असा की तो बारा महिन्यांत वाटून पडतो, आपल्यासारखा चार महिन्यांत कोसळून नंतर आठ महिने तोंड फिरवत नाही.

पिंपाच्या लाकडी फळीला फ्रेंच भाषेत जो शब्द आहे, तोच या गावाच्या नावाचा शब्द. गावात पिंपे करणारे सुतार होते आणि नावाडी होते. काओरची दारू गर्द रंगाची, जवळजवळ काळी म्हणून प्रसिद्ध. ती पिंपांत भरायची, सपाट तळाच्या होड्यांवर चढवायची आणि लॉत नदीतून खाली गारोन नदीत, तिथून बोर्दो बंदरात न्यायची. बोर्दोहून ती इंग्लंड, हॉलंडपर्यंत जायची. म्हणजे कोपऱ्यातले हे खेडे सात-आठशे वर्षांपूर्वीच परदेशी बाजाराशी जोडलेले होते. जुने शेतकरी फक्त पोटापुरते पिकवत, त्यांना बाजार ठाऊक नव्हता, असे आपल्याला शिकवतात. हे फ्रान्सला लागू नाही आणि मला वाटते, आपल्यालाही नाही.

आता पुढचे नीट ऐका, कारण ते ओळखीचे वाटेल. बोर्दोचे व्यापारी आणि आसपासचे बडे जमीनदार यांनी राजाकडून एक सवलत मिळवली होती. वरच्या मुलखातली, म्हणजे काओरसारख्या भागातली दारू नाताळ उलटेपर्यंत बोर्दोत विक्रीला आणायची नाही. सुगी शरद ऋतूतली. परदेशी जहाजे येणार हिवाळ्याच्या तोंडाला. त्या वेळी बाजारात फक्त बोर्दोवाल्यांचा माल. जहाजे भरून निघून गेली की मग काओरच्या शेतकऱ्याने यावे आणि उरल्यासुरल्या गिऱ्हाइकाला पडेल भावाने द्यावे. पिंपाच्या मापातही खोड घालून ठेवली होती : बोर्दोच्या मोठ्या पिंपाचे माप वरच्या मुलखाला वापरता येत नसे. जकात पिंपावर बसायची. पिंप लहान म्हणजे मालाच्या मानाने जकात जास्त.

हे पाचशे वर्षे चालले. कापसाच्या एकाधिकार खरेदीच्या काळात महाराष्ट्राच्या हद्दीवर आपल्या कापसाच्या गाड्या अडवल्या जात, ते ज्यांना आठवते त्यांना मी जास्त समजावून सांगायला नको. फ्रान्समध्ये त्युर्गो नावाचा एक अर्थमंत्री झाला. त्याने १७७६ च्या एप्रिलमध्ये फर्मान काढून दारूची वाहतूक आणि विक्री देशभर मोकळी केली. पुढच्याच महिन्यात त्याला घरी बसवले. शेतमालाचा बाजार मोकळा करणाऱ्याची खुर्ची टिकत नाही, हा नियम जुना दिसतो. शहरांचे आणि प्रांतांचे उरलेसुरले विशेषाधिकार १७८९ च्या क्रांतीत गेले.

त्यानंतर या मुलखाला बरे दिवस आले. पण दोन संकटे पाठोपाठ आली. रेल्वे १८६९ मध्ये काओरला पोचली आणि नावाड्यांचा धंदा हळूहळू बसला. आणि १८७० च्या दशकाच्या अखेरीला फिलॉक्सेरा आला. हा मावा-तुडतुड्यांच्या जातकुळीतला किडा, डोळ्याला जेमतेम दिसणारा, द्राक्षाच्या मुळांवर जगतो. अमेरिकेतून आलेल्या रोपांबरोबर तो फ्रान्समध्ये शिरला. अमेरिकेतल्या रानवेलींना तो सवयीचा, युरोपच्या वेलीला नाही. वेल सुकते, खणून पाहावे तर मुळे कुजलेली. शेवटी उपाय सापडला तो असा की मूळ अमेरिकी वेलीचे आणि वर डोळा आपल्या वाणाचा. सगळ्या फ्रान्सची द्राक्षे अशी खुंटावर बांधून पुन्हा उभी करावी लागली.

पण चुनखडीच्या जमिनीत पहिले अमेरिकी खुंट पिवळे पडू लागले. चुन्यामुळे लोह मिळत नाही. ही पिवळी पाने आपल्या द्राक्ष बागायतदारांनी पाहिलेली आहेत. मग चुन्याला दाद न देणाऱ्या वेली टेक्सासमधून शोधून आणल्या. त्या कामात टेक्सासचा मन्सन नावाचा रोपवाटिकावाला पुढे होता. नाशिक-सांगलीकडच्या भावांना एक सांगतो : तुम्ही खारवट जमिनीसाठी आणि कमी पाण्यासाठी जो डॉगरिज खुंट लावता, तोही याच मन्सनने टेक्सासच्या रानातून निवडलेला. दुएलच्या बागेचे आणि आपल्या बागेचे नाते मुळापासचे आहे, ते असे.

काओरच्या मूळ वाणाला मात्र नवे खुंट नीट मानवले नाहीत. फुलगळ होऊ लागली. गरीब शेतकऱ्याने कंटाळून भरपूर पिकणारे संकरित वाण लावले. दारू हलकी झाली, भाव पडला. पठारावरच्या बागा तर सोडूनच दिल्या गेल्या. लॉत जिल्ह्याची लोकसंख्या १८५१ साली २ लाख ९६ हजार होती, ती १९५४ साली १ लाख ४८ हजारांच्याही आत आली. शंभर वर्षांत निम्मी माणसे गेली. काही पोटासाठी शहरात गेली, काही १९१४ च्या महायुद्धात गेली. फ्रान्समधल्या कुठल्याही खेड्यात जा, चौकात मेलेल्या शिपायांच्या नावांचा दगड असतो. बहुतेक नावे शेतकऱ्यांच्या पोरांची.

या काळात रोख पैसा देणारे एक पीक होते तंबाखू. पण तंबाखू सरकारी मक्तेदारीत. परवाना सरकार देणार, भाव सरकार ठरवणार, खरेदी सरकारच करणार. सरकारी माणूस शेतात येऊन झाडे मोजायचा आणि झाडावरची पानेही मोजायचा. लेव्हीच्या काळात कणगीत हात घालणारा तलाठी आपण पाहिला. त्याचा हा मावसभाऊ.

आता मूळ हिशेबाकडे येतो. झां फुरास्तिए हे फ्रान्समधले मोठे अर्थशास्त्री, नियोजन मंडळात काम केलेले. दुएल त्यांच्या घराण्याचे गाव, आणि १९९० मध्ये त्यांचा मृत्यूही तिथेच झाला. त्यांनी १९७९ साली एक पुस्तक लिहिले. पुस्तकाच्या सुरुवातीला ते मादेर आणि सेसाक अशा दोन गावांची तुलना मांडतात. मादेर मागासलेले, एखाद्या गरीब देशात शोभावे असे. सेसाक पुढारलेले. वाचणाऱ्याला वाटते, एक गाव कुठेतरी आशियात असेल आणि दुसरे अमेरिकेत. मग ते सांगतात की ही दोन गावे नाहीतच. दोन्ही म्हणजे दुएल. मादेर हे १९४६ चे आणि सेसाक हे १९७५ चे. मधली तीस वर्षे सगळे फ्रान्स ‘वैभवाची तीस वर्षे’ म्हणून ओळखू लागले ते याच पुस्तकामुळे.

आकडे सांगतो, लिहून घ्या. १९४६ मध्ये गावची लोकसंख्या ५३४, काम करणारी माणसे २७९, त्यातली शेतीत २०८. म्हणजे चारात तीन शेतकरी. ट्रॅक्टर गावात २, मोटारी ५. बाकी नांगरणी बैलांनी आणि गाईंनीसुद्धा. घरात संडास असलेली घरे १०. कपडे धुण्याचे यंत्र एकही नाही. घरखर्चाचा तीन चतुर्थांश भाग खाण्यावर जायचा आणि त्या खाण्यातही निम्मे पाव आणि बटाटे. साध्या मजुराला किलोभर लोणी घ्यायला ७ तास राबावे लागे आणि एका किलो कोंबडीला ८ तास. हे फ्रान्स, बरे का. आणि फार जुने नाही, आपल्याला स्वातंत्र्य मिळाले त्याच्या आदल्या वर्षीचे.

१९७५ मध्ये लोकसंख्या ६७०. काम करणारे २१५, त्यात शेतीत फक्त ५३. दुकान, शाळा, बँक, पोस्ट, कचेरी अशा कामांत १९४६ ला ३२ माणसे होती, ती १०२ झाली. ट्रॅक्टर ४०, मोटारी २८०. घरात संडास १५० घरांना. धुण्याची यंत्रे १८०. एक किलो कोंबडीसाठी आता तासभरही राबावे लागत नव्हते. शेतात माणसे एक चतुर्थांश उरली, तरी एकरी उत्पन्न इतके वाढले की फुरास्तिए यांच्या हिशेबाने एका माणसाच्या श्रमाचे पीक बारा पटींच्या घरात गेले.

या आकड्यांत एक गोष्ट आहे, ती पुष्कळांच्या नजरेतून सुटते. शेतकरी २०८ चे ५३ झाले, पण गाव ५३४ चे ६७० झाले. माणसांनी शेती सोडली, गाव सोडले नाही. म्हातारे निवृत्त झाले. पोरे शिकून काओरला नोकरीला लागली आणि संध्याकाळी मोटारीने घरी येऊ लागली. नवी घरे बांधली गेली. धुण्याची १८० यंत्रे म्हणजे नदीवर गार पाण्यात हात घालून कपडे आपटणाऱ्या १८० घरच्या बायका सुटल्या. माझ्या मते त्या तीस वर्षांतला हा सर्वात मोठा बदल, ट्रॅक्टरपेक्षाही मोठा. (शेतकऱ्याच्या बायकोचे शेतातले काम मात्र कायद्याने नीट मान्य व्हायला १९९९ साल उजाडले. तिथेही ती सातबाऱ्याबाहेरचीच होती.)

हे सगळीकडे असेच झाले असे मी म्हणत नाही. दुएलला नदी होती, गाळाची जमीन होती, जिल्ह्याचे ठिकाण दहाबारा किलोमीटरवर होते. वरच्या पठारावरची कितीतरी गावे ओस पडली, घरांची छपरे बसली. पण जिथे झाले तिथे कसे झाले?

पहिली गोष्ट, शेताबाहेर काम होते. युद्धानंतर कारखाने, रेल्वे, शाळा, दवाखाने उभे राहत होते आणि माणसे मिळत नव्हती. जाणारा जास्त मजुरीकडे गेला. ज्याला घालवून द्यावे लागते आणि जो आपण होऊन उठतो, त्या दोघांच्या जाण्यात जमीनअस्मानाचा फरक आहे.

दुसरी, जमीन. युद्ध संपता संपता, १९४५-४६ मध्ये, खंडकऱ्यांसाठी कायदा झाला. खंडाचा करार किमान नऊ वर्षांचा, तो पुढे चालू ठेवण्याचा हक्क आणि मालकाने जमीन विकली तर घेण्याचा पहिला हक्क खंडकऱ्याला. मालकाची जमीन बुडाली नाही आणि कसणाराही उद्या निघ म्हटले की निघाला असे झाले नाही. आपल्याकडे कूळ कायद्याच्या भीतीने मालक तोंडी खंड करतो, कसणाऱ्याला बँकेचे कर्ज मिळत नाही, पीक विमा मिळत नाही, गारपीट झाली तर भरपाई मालकाच्या नावाने येते. त्या देशाने ही गाठ पाऊण शतकापूर्वी सोडवली.

तिसरी गोष्ट लढून मिळाली. दुएलपासून लांब, वायव्येच्या ब्रिटनी प्रांतात भाजीपाला पिकवणारे शेतकरी भाव कोसळल्याने पेटले. ८ जून १९६१ रोजी पहाटे ते ट्रॅक्टर घेऊन मोर्ले या गावात शिरले आणि तिथली उपजिल्हाधिकारी कचेरीच त्यांनी ताब्यात घेतली. दोन पुढाऱ्यांना अटक झाली. त्यातला अलेक्सी गूर्वेनेक जेमतेम पंचविशीचा पोरगा. आंदोलन देशभर पसरले, आणि दोन आठवड्यांनी खटल्यात दोघेही सुटले. १९६० मध्ये शेतीचा एक मोठा कायदा झाला होता, पण तो कागदावर पडून होता. या दणक्यानंतर एदगार पिझानी कृषिमंत्री झाले आणि १९६२ च्या ऑगस्टमध्ये त्याला दात बसवणारा दुसरा कायदा आला.

त्यातली एक तरतूद मला फार महत्त्वाची वाटते. म्हातारा शेतकरी जमीन सोडत नाही, कारण जमीन हाच त्याचा भाकरीचा आधार. मुलगा चाळिशीचा झाला तरी बापाच्या हाताखाली. तर कायद्याने सांगितले, ज्याने शेतीतून निवृत्त होऊन आपली जमीन तरुण शेतकऱ्याकडे सोपवली, त्याला मरेपर्यंत वेगळे वेतन. म्हणजे शेतीतून बाहेर पडण्याची किंमत समाजाने मोजली, बाहेर पडणाऱ्याने नाही. जोडीला जमिनीच्या खरेदी-विक्रीवर नजर ठेवणाऱ्या संस्था आल्या. शेती विकायला निघाली तर ती सट्टेवाल्याच्या आधी त्या घेऊ शकत आणि शेतकऱ्याला देऊ शकत. या संस्थांबद्दल माझे मत पूर्ण चांगले नाही. जमिनीच्या बाजारात असा दांडगा हात शिरला की वशिला येतोच, आणि तिथेही तक्रारी झाल्या. पण वेतनाची कल्पना मला बिनतोड वाटते.

चौथी, भाव. १९६२ पासून युरोपच्या सहा देशांच्या समाईक बाजारात शेतमालाला ठरलेले भाव मिळू लागले, आणि ते जागतिक बाजारापेक्षा चढे होते. बाहेरच्या मालावर जकात, भाव पडला तर खरेदी. त्याच वर्षांत आपल्याकडे धान्यावर लेव्ही होती, जिल्हाबंदी होती. ते आपल्या शेतकऱ्याच्या ताटात घालत होते आणि हे काढून घेत होते.

पण ताटात घालण्याचेही परिणाम असतात, ते लपवून चालणार नाही. भाव चढा, पिकवेल तेवढे घेण्याची हमी, म्हणून दूध, लोणी, धान्य यांचे डोंगर झाले. युरोपच्या शीतगृहांत लोणी मावेना. त्यातले काही आपल्याकडे आले. १९७० मध्ये दुधाचा महापूर योजना सुरू झाली ती युरोपने देणगी दिलेल्या दूध भुकटीवर आणि लोण्याच्या तेलावर. कुरियन यांनी ती देणगी विकून देशी सहकारी दूध धंद्यात पैसा घातला, हे त्यांचे शहाणपण. तोच माल दुसऱ्या गरीब देशांत फुकटच्या भावाने ओतला गेला. आणि १९९९-२००० मध्ये युरोपची अनुदानाची भुकटी आपल्याकडे आयात झाली, तेव्हा आपल्या दूधवाल्यांनाही तिची झळ लागली. एका शेतकऱ्याचा आधार दुसऱ्या देशातल्या शेतकऱ्याच्या मानेवर बसू शकतो, हे ध्यानात ठेवून आपण आपल्या मागण्या मांडल्या पाहिजेत.

आता परत दुएलच्या शिवारात. १९४७ साली शेजारच्याच पारनाक गावात द्राक्ष बागायतदारांनी सहकारी दारू कारखाना काढला. संकरित वाण काढून जुना वाण पुन्हा लावायचा, चांगली दारू करायची, असे ठरले. काम मार्गी लागते न लागते तोच १९५६ चा फेब्रुवारी आला. महिनाभर अशी थंडी पडली की वेली खोडापर्यंत फुटल्या आणि काओरचे बहुतेक द्राक्षमळे मेले. साठीच्या शेतकऱ्याने नवी बाग लावायची म्हणजे पहिले पीक चार वर्षांनी. पुष्कळांनी सोडून दिले, आणि फुरास्तिए यांच्या आकड्यांत २०८ चे ५३ होताना ही माणसेही आहेत. ज्यांनी लावले त्यांनी कारखान्याच्या जोरावर लावले, बँकेच्या स्वस्त कर्जाने लावले आणि मनासारखा वाण लावला. १९७१ मध्ये काओरच्या दारूला प्रदेशाच्या नावाचा कायदेशीर शिक्का मिळाला. म्हणजे त्या ठरलेल्या शिवाराबाहेर पिकलेल्या दारूला कोणी काओर म्हणू शकत नाही. तेव्हा बाग काहीशे हेक्टरच उरली होती. पुढच्या तीस वर्षांत ती चार हजारांच्या वर गेली.

इथे गोष्ट संपवली असती तर ती गोड झाली असती. पण फुरास्तिए यांचा हिशेब १९७५ ला थांबतो, आपल्याला थांबता येत नाही.

त्या ५३ जणांनी ट्रॅक्टर घेतले ते कर्जावर. उत्पन्न बारा पट झाले, पण बारा पट नफा त्यांच्या घरी गेला नाही. कोंबडी आठ तासांवरून तासाच्या आत आली, हा फायदा खाणाऱ्याला मिळाला. काही यंत्रवाल्याने घेतला, काही खतवाल्याने, काही बँकेने, आणि पुढे मोठ्या दुकानांच्या साखळ्यांनी. १९९२ मध्ये युरोपने धोरण फिरवले. हमीचे भाव खाली आणले आणि त्या बदल्यात शेतकऱ्याच्या खात्यावर थेट रक्कम देणे सुरू केले. मुळात हेक्टरच्या हिशेबाने. म्हणजे ज्याची जमीन जास्त त्याला जास्त. त्या दिवसापासून फ्रेंच शेतकरी भावासाठी बाजाराकडे कमी आणि चेकसाठी कचेरीकडे जास्त पाहू लागला. चेक आला की अर्ज आला, अर्ज आला की तपासणी, उपग्रहाची छायाचित्रे, कुंपणाची झुडपे कधी छाटली त्याच्या तारखा. तंबाखूची पाने मोजणारा माणूस नव्या वेशात परत आला.

१९५५ च्या गणनेत फ्रान्समध्ये सुमारे २३ लाख शेते होती. २०२० च्या गणनेत ती चार लाखांच्या आत आली. आधीच्या दहा वर्षांतच सुमारे एक लाख कमी झाली. हे जाणे दुएलच्या त्या तीस वर्षांसारखे नाही. आता जागा घ्यायला पुढची पिढीच येत नाही. फ्रान्समध्ये शेतकऱ्यांच्या आत्महत्यांचे प्रमाण इतर लोकांपेक्षा जास्त आहे, हे तिथल्या सरकारी आरोग्य संस्थेनेच दाखवले आहे. विदर्भ-मराठवाड्यात ज्यांनी तिरड्या उचलल्या आहेत, त्यांनी हे वाक्य पुन्हा एकदा मनात म्हणून पाहावे. वीजही आहे, रस्ते आहेत, ट्रॅक्टर आहे, युरोपचा चेक आहे, आणि तरी.

२०१८ मध्ये तिथे कायदा झाला की शेतमालाच्या कराराचा भाव शेतकऱ्याच्या उत्पादन खर्चापासून मोजत वर न्यायचा, दुकानाच्या किमतीपासून खाली नाही. २०२१ मध्ये तो आणखी घट्ट केला. आपण चाळीस-पंचेचाळीस वर्षे जे ओरडतो आहोत ते त्यांच्या कायद्यात आले. पण २०२३ च्या शरदात दुएलच्या दक्षिणेला तार्न जिल्ह्यात शेतकऱ्यांनी गावांच्या नावाच्या पाट्या काढून उलट्या लावायला सुरुवात केली. म्हणणे असे की, सगळा कारभार डोक्यावर चालला आहे. हे लोण देशभर गेले. २०२४ च्या जानेवारीत तुलूझजवळ महामार्ग अडवला आणि महिनाअखेर ट्रॅक्टरांनी पॅरिसचे रस्ते रोखले. मागण्यांत पहिल्या ओळीत हेच होते की भावाचा कायदा आहे, तो पाळला जात नाही.

त्याच वर्षी एप्रिलमध्ये, वेलींना कोवळी फूट आलेली असताना, काओरच्या खोऱ्यात दहिवर पडले आणि फूट जळून गेली. फ्रान्समध्ये लाल दारूचा खप वर्षानुवर्षे घटत आला आहे, माल तळघरांत पडून. सरकारने २०२४ मध्ये एक योजना काढली : द्राक्षबाग कायमची उपटून टाका, पुन्हा लावायची नाही, हेक्टरी ४ हजार युरो घ्या. १९५६ च्या थंडीनंतर दुएल-पारनाकच्या माणसांनी मेलेली खोडे उपटली ती नवी कलमे लावण्यासाठी. या वेळी त्या खोऱ्यातल्या बागायतदारांनी जे अर्ज भरले, ते उपटण्याचे आहेत, लावण्याचे नाहीत.